वीस हजार ते तीस हजार

कॉलेजची तीन वर्षं मी दौंडला मामाकडे राहिले. आमचं गाव न्हावरे. तिथून रोज एसटीने येणं-जाणं झेपणारं नव्हतं. मामा रेल्वेत होते आणि स्टेशनच्या पलीकडच्या आळीत भाड्याने राहायचे. शेजारच्या घरात रेल्वेतूनच निवृत्त झालेले एक केबिनमन राहत. सगळी आळी त्यांना आबा म्हणायची आणि त्यांच्या पत्नीला मावशी. गाडी कोणत्या रुळावर जाणार ते ठरवणारे लोखंडी खटके आबांनी तीसेक वर्षं ओढले होते, आणि एकदाही चुकीचा खटका ओढला नव्हता. हे ते स्वतः कधी सांगत नसत, मामा सांगायचे.

निवृत्त झाल्यावर आबांनी एक उद्योग लावून घेतला होता. दुपारचं जेवण झालं की ओसरीवर पाट मांडायचा, त्यावर गणिताची चौकटीची वही ठेवायची आणि मूळ संख्या शोधायच्या. ज्या संख्येला एक आणि ती स्वतः सोडून कशानेच भाग जात नाही, ती मूळ संख्या. एका चौकटीत एक विषम संख्या लिहायची. मग तिनाच्या पाढ्यातल्या सगळ्या खोडायच्या, मग पाचाच्या, साताच्या, अकराच्या, असं पुढे. शेवटी ज्या खोडल्या गेल्या नाहीत त्या मूळ. प्रत्येक भाजकाची खूण वेगळी: कुणाची आडवी रेघ, कुणाची तिरपी, कुणाचा कोपऱ्यात ठिपका. मी दौंडला गेले तेव्हा त्यांच्या वीस हजारांपर्यंतच्या वह्या पुऱ्या झाल्या होत्या आणि पुढच्या दहा हजारांचं काम चाललं होतं.

मी गणित घेऊन बी.एस्सी. करत होते, म्हणून त्यांना माझ्याशी बोलायला आवडायचं. हे सगळं कशासाठी, असं मी एकदा विचारलं. मग त्यांनी थोरल्या भावाचं सांगितलं. भाऊ साठीनंतर हळूहळू सगळं विसरत गेला. आधी माणसांची नावं, मग घराचा रस्ता. एकदा दौंड स्टेशनवरून जो निघाला तो दोन दिवसांनी केडगावजवळ रुळाच्या कडेला बसलेला सापडला. घरातल्यांना सुरुवातीला काही कळलंच नव्हतं, याची आबांना फार खंत होती.

"माझं डोकं जायला लागलं तर मला आधी कळाया पायजे," ते म्हणाले. "ह्यात अंदाज चालत न्हाई. संख्या एक तर मूळ हाय, न्हाईतर न्हाई. चूक झाली की उघडी पडती."

शेवटच्या वर्षाला मी स्टेशन रोडवरच्या एका कॉम्प्युटर क्लासला जायला लागले. तिथे सरांनी प्रोग्रॅम करायला दिला: दोन संख्या द्यायच्या, त्यांच्यामधल्या सगळ्या मूळ संख्या कॉम्प्युटरने छापायच्या. मला अर्थातच आबा आठवले. मी प्रोग्रॅम लिहिला, शंभर ते एकशेवीस असं देऊन तपासला. पाच संख्या आल्या, पाचही बरोबर. सरांनी बरोबरची खूण केली. मग मी वीस हजार ते तीस हजार दिले. जे करायला आबांना जवळजवळ तीन वर्षं लागली होती ते पडद्यावर सरसर वर सरकत गेलं. सरांना विनवून मी ती यादी भोकांच्या लांबलचक कागदावर छापून घेतली. हजाराला थोड्याच कमी संख्या होत्या. तो कागद गुंडाळून घरी आणताना मला वाटत होतं, याच्याएवढी भेट आबांना आजवर कुणी दिली नसेल.

आबा खरंच खूश झाले. त्यांचं काम नुकतंच पुरं झालं होतं. मी कागद वाचायचा आणि त्यांनी वहीत टिक मारायची, असं ठरलं. तीन दुपारी आम्ही ओसरीवर बसलो. पहिल्या दोनशे-सव्वादोनशे संख्या तंतोतंत जुळल्या. मी आकडा उच्चारायच्या आत त्यांची पेन्सिल त्यावर गेलेली असायची. मग मी वाचलं, बावीस हजार दोनशे एक.

"ही न्हाई माझ्याकडं," आबा म्हणाले. "खोडलेली हाय."

मी पुन्हा कागद बघितला. संख्या होती. त्यांनी तिच्याभोवती गोल केला आणि पुढे वाच म्हणाले. त्या दुपारी आणखी एक निघाली, बावीस हजार आठशे एक. दुसऱ्या दिवशी दोन, तिसऱ्या दिवशी दोन. सहा संख्या अशा, ज्या कॉम्प्युटर मूळ म्हणत होता आणि आबांनी खोडल्या होत्या. बाकी सगळ्या जुळल्या.

सहाव्या वेळी त्यांनी पेन्सिल खाली ठेवली. तुझ्या मशीनचं काही चुकत नसेल ना, असं त्यांनी अगदी हळू आवाजात विचारलं. मी हसले. मी तेव्हा वीस वर्षांची होते आणि दोन महिन्यांपूर्वी पहिल्यांदा कॉम्प्युटरला हात लावला होता.

"कॉम्प्युटर चुकत नाही, आबा," मी म्हणाले. "माणूसच चुकतो."

त्यांनी मान हलवली. हजारामध्ये फक्त सहा म्हणजे काहीच नाही, असंही मी त्यांना म्हणाले. वाटलं, धीर दिला.

त्यानंतर ओसरीवर पाट दिसला नाही. माझी परीक्षा तोंडावर होती. मावशींना विचारलं तर म्हणाल्या, आत बसून काहीतरी लिहितात, कुणाशी बोलत नाहीत. परीक्षा झाली, मी गावी गेले, त्याच पावसाळ्यात मामांची सोलापूरला बदली झाली. दौंडशी संबंध संपला.

सहा-सात वर्षांनी मी शिरूरला एका कॉम्प्युटर इन्स्टिट्यूटमध्ये शिकवत होते. मुलं आसपासच्या गावांतली, बरीचशी कारेगावची. वडील कंपनीत आणि पोरांना कॉम्प्युटर यायला हवा. मूळ संख्यांचा तो प्रोग्रॅम मीही द्यायचे. एका सकाळी कारेगावच्या एका मुलीने हात वर केला. तिने दोन ते पन्नास दिले होते.

"मॅडम, ह्यात चार कसा आला?" तिने विचारलं. "नऊ पण आलाय. पंचवीस आन् एकोणपन्नास पण."

मी तिच्या खुर्चीमागे उभी राहून प्रोग्रॅम वाचला. संख्येला दोनापासून एकेकाने भाग देऊन बघायचं, आणि भाजकाचा वर्ग त्या संख्येपेक्षा लहान आहे तोवरच बघायचं, असं तिने लिहिलं होतं. लहान किंवा तेवढाच, असं हवं होतं. एक बरोबरचं चिन्ह राहिलं होतं. त्यामुळे दोनाचा वर्ग चार, तिनाचा नऊ, पाचाचा पंचवीस, म्हणजे मूळ संख्यांचे वर्ग तेवढे तपासणीतून सुटत होते आणि मूळ म्हणून छापले जात होते. बाकी उत्तर अचूक.

मी तिला चूक समजावून सांगायला सुरुवात केली आणि मध्येच थांबले. बावीस हजार दोनशे एक. ती संख्या मला पाठ होती, सहाही पाठ होत्या, का ते मी स्वतःला कधी विचारलं नव्हतं. टेबलाशी जाऊन कागदावर गुणाकार केला. एकशे एकोणपन्नास गुणिले एकशे एकोणपन्नास. मग एकशे एक्कावन्न, एकशे सत्तावन्न, त्रेसष्ट, सदुसष्ट, त्र्याहत्तर. सहाच्या सहा वर्ग निघाले. माझ्या प्रोग्रॅममध्येही तेच चिन्ह राहिलं होतं. तेव्हा मी शंभर ते एकशेवीस एवढंच तपासलं होतं. आणखी एक संख्या पुढे गेले असते तर अकराचा वर्ग एकशे एकवीस समोर आला असता आणि चूक तिथेच कळली असती. वर्गातली मुलं माझ्याकडे बघत होती. त्या दिवशी मी पुढे काय शिकवलं ते आठवत नाही.

रविवारी दौंडची एसटी धरली. वाटेत न्हावरे लागलं, पण घरी उतरले नाही.

आळी तशीच होती. दारावर जयंतीची निळी पताका, आत मावशी ज्वारी निवडत बसलेल्या. त्यांनी मला ओळखलं, पाणी दिलं. आबा खिडकीशी खुर्चीत होते. दाढी केलेली, सदरा स्वच्छ, बटणं नीट लावलेली. ती मावशींनी लावलेली हे कळत होतं. त्यांनी मला बघून हात जोडले.

मी मावशींना सगळं सांगितलं. चूक माझी होती, आबांचं सगळं बरोबर होतं. त्या ऐकत राहिल्या. मग उठल्या आणि ट्रंकेतून एक वही काढून माझ्यासमोर ठेवली. माझी परीक्षा चालू असताना आबा आत बसून जे लिहीत होते ते त्यात होतं. पानं भरून भागाकार. बावीस हजार दोनशे एक भागिले एकशे एकोणपन्नास, उत्तर एकशे एकोणपन्नास, बाकी शून्य. खाली पुन्हा तोच. पुन्हा तोच. सहाही संख्या अशाच, प्रत्येक दहा-बारा वेळा. सुरुवातीचं अक्षर खटक्यासारखं सरळ, पुढे पुढे कापरं. एकही भागाकार चुकला नव्हता.

"मला म्हणायचे, माझा भागाकार पण चुकाया लागला," मावशी म्हणाल्या. "किती डाव केला तरी चुकीचाच येतोय. भावावानी व्हनार माझं. मग वह्या बांधून ठिवल्या. लोकात जानं बंद केलं. खरं इसरायला लागले ते त्याच्या लई नंतर, तीन-चार वर्सांनी."

ते मधलं तीन-चार वर्षांचं अंतर माझ्या डोक्यातून जात नाही. आजार येणारच होता, तो असल्या गोष्टींनी होत नाही, असं पुढे मला एका डॉक्टरांनी सांगितलं. मला ते पटतं. पण त्या वर्षांत आबांचं डोकं शाबूत होतं आणि ते गेलं असं समजून ते घरात बसून राहिले. रस्त्यात एखाद्या गाडीचा नंबर दिसला तरी मी आजही मनात भाग देत राहते. उत्तर आलं की पुन्हा देते.

त्यांना सांगू का, मी विचारलं.

"सांग की," मावशी म्हणाल्या. "कळंल न कळंल. पण तू सांग."

मी खुर्चीपाशी खाली बसले. म्हणाले, आबा, त्या सहा संख्या तुम्ही खोडल्या होत्या त्या बरोबरच खोडल्या होत्या. तुमची एकही चूक नव्हती. मशीन चुकलं. मशीन नाही, मी चुकले. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं, पाहुण्याचं ऐकतात तसं.

"बरं झालं," ते म्हणाले. "तुमी कुन्या गावच्या?"

न्हावऱ्याची, असं मी सांगितलं. लांब हाय, जेवून जा, असं त्यांनी दोनदा सांगितलं.

निघताना मी ती वही मागितली. मला ती का हवी होती ते नीट सांगता आलं नाही. मावशींनी वही पदराखाली धरली आणि मान हलवली. त्या वहीत त्यांचं शेवटचं चांगलं अक्षर होतं, ती देणार नाही म्हणाल्या. मग मला पिशवीभर शेंगा दिल्या आणि कोपऱ्यापर्यंत पोचवायला आल्या. रागाचा एक शब्द त्या बोलल्या नाहीत. मी वाट बघत होते, पण बोलल्या नाहीत.