परमिटशिवाय डिस्क मिळणार नाही

जुन्या डिस्क आणि किस्से साचतात तेव्हा कळत नाही. कपाट उघडलं की अंगावर पडतात! आमची मंडळी दर रविवारी दुर्गजवळ जुनवानीत माझ्या घरी जमते आणि जुन्या कन्सोलच्या गेम डिस्क कॉम्प्युटरवर उतरवून ठेवते. डिस्क मेली तरी गेम जगावा, एवढीच हौस.

*

माझे भाऊजी दुर्गला वकील. त्यांनी आम्हाला बजावलं, "आपल्या डिस्कची कॉपी आपल्यापुरती ठेवा. लोकाइले वाटली का फसले समजा!"

आम्ही गंभीर झालो. चहा झाला. निघताना भाऊजी दारातच घुटमळले.

"तो ट्रकच्या रेसचा गेम हाये का रे तुमच्याजवळ? पेन ड्राइव्ह आणला मी!"

*

आमच्यातला नितीन तरुणपणी पुण्यात एका गेम कंपनीत होता. त्याच्या हातून एकच गेम झाला आणि कंपनी बुडाली. गेमच्या शेवटी त्याचं नाव येतं, आणि ती डिस्क आता फक्त त्याच्याकडे. एक दिवस तीही सापडेना! बायकोला, ज्योतीला विचारलं.

"बाल्कनीत टांगली ना! कबुतरं लय त्रास देऊन राहिले होते."

ओरखडे पडलेली ती डिस्क आम्ही पुसून पुसून वाचली आणि गेम उतरवलाच! पडद्यावर नाव सरकलं तसा नितीन रडला. ज्योतीही रडली. मग डोळे पुसत म्हणाली, "आता कबुतराइचं काय?"

पुढे ती डिस्क तडकली. उरली आमची एकच कॉपी.

*

आनंदाच्या भरात नितीननं गेम नेटवर टाकला आणि नोटीस आली! जुन्या कंपनीचे हक्क दुसऱ्याच कंपनीनं घेतले होते. 'आमच्या लेखी परवानगीशिवाय कोणालाही देऊ नये.' नितीननं गेम काढला आणि रविवारी येणंच सोडलं. आम्हाला फार वाईट वाटलं.

माझे बाबा स्टील प्लांटमध्ये मेंटेनन्सला होते. तिथे लेखी परमिटशिवाय कोणी मशीनला हात लावत नाही. बाबांनी नोटीस वाचली, ती कॉपी असलेली हार्ड डिस्क पेटीत ठेवून कुलूप लावलं आणि वर लाल पाटी टांगली : 'हात लावू नये.'

"कावून बाबा?"

"लेखी म्हंजे लेखी!"

*

आज तो गेम पुन्हा विकायला आहे आणि शेवटी नितीनचं नाव ऐटीत सरकतं. ते असं झालं.

नोटीस पाठवणाऱ्या त्याच कंपनीच्या साहेबांचा फोन आला. गेम परत बाजारात आणायचा होता आणि त्यांच्याकडे कॉपीच नव्हती! मी नितीनला बोलावून घेतलं आणि त्याच्यासमोर साहेबांना परत फोन लावला. आम्ही नाचायचेच बाकी होतो, तेवढ्यात बाबांनी फोन घेतला.

"देतो ना. पहिले लेखी परमिट पाठवा. त्यात लिवा, शेवटचं एक बी नाव खोडणार नाही."

साहेब चिडले. "अहो, गेम आमचाच आहे!"

"मशीन बी प्लांटचीच होती साहेब," बाबा म्हणाले. "तरी परमिट आल्याबिगर प्लांटच्या मॅनेजरले बी मी हात नाही लावू देल्ला!"