राणीचं लाल लुगडं

प्रांजल आज जेवला असेल का? रविवारपासून हा प्रश्न डोक्यातून जात नाही. आत्ता घरातले झोपल्यावर लिहायला बसले, तरी तोच. तो माझा मुलगा नाही. नाहूरच्या आमच्या जुन्या बिल्डिंगमधल्या वनमालाचा. माझ्या श्रेयसएवढाच, सतरा वर्षांचा.

आमच्या बिल्डिंगच्या गणपतीत पाचव्या दिवशी नाटक असायचं. प्रांजलचे धाकूआजोबा मिलमध्ये असताना दशावतारात बायकांची कामं करायचे. प्रांजल नऊ वर्षांचा झाला आणि त्यांनी त्याला राणी केलं. वनात हरवलेलं बाळ शोधणारी राणी. महिनाभर पार्किंगमध्ये तालीम चालली. "नुसता लुगडा नेसान जमाचा नाय, झिला. चालणा येवक व्हया," म्हणत आजोबा स्वतः चालून दाखवायचे आणि हे पोरगं लाल लुगडं सावरत त्यांच्या मागे मागे. श्रेयसला पडद्याआडून वाक्यं सांगायची होती. तो तोंड उघडं टाकून बघतच बसला. राणी रडली तेव्हा आम्ही बायका डोळे पुसत होतो. स्टेजवरून उतरल्या उतरल्या राणीने मला विचारलं, "काकू, वडापाव उरलाय का?"

ते सगळं मी मोबाइलवर घेतलं होतं.

तीन वर्षांपूर्वी आजोबा गेले. मग बिल्डिंग पाडायला घेतली. वनमाला वाकोल्याला भाड्याने गेली, आम्ही मुलुंडला. यंदा आमचा गणपती बसलाच नाही, म्हणून बिल्डिंगच्या ग्रुपवर जो तो जुने फोटो टाकत होता. मी राणीचा व्हिडिओ टाकला. "झकास!" "आमची राणी कुठे असते हल्ली?" वनमालाने नुसते हात जोडले. किती बरं वाटलं होतं मला त्या दिवशी.

रविवारी वनमाला आली. हातातल्या कापडी पिशवीत ते लुगडं आणि आजोबांचं केसांचं गंगावन.

"ठेव गं तुझ्याकडे. प्रांजल म्हणतो भंगारात टाक. मला नाही जमत."

"असं का म्हणतो?"

"काय माहीत! पंधरा दिवस कॉलेजला गेला नाही. पोटात दुखतं म्हणतो. दोन घास खाऊन ताट सारतो. सगळे रिपोर्ट नॉर्मल आहेत. बुधवारी दुपारी दुर्बिणीने पोट तपासणार आहेत."

श्रेयस त्याच्याच कॉलेजात आहे. ती गेल्यावर त्याला विचारलं. आधी "मला काय माहीत" झालं, मग एकेक बाहेर आलं. राणीच्या रडक्या चेहऱ्याचा स्टिकर वर्गाच्या ग्रुपवर फिरतोय. कोणीतरी प्रांजलच्या नावाने खोटं अकाउंट काढून त्यावर घाण घाण लिहितंय. तो वर्गात शिरला की मागच्या बाकावरून ओरडतात, "हटो, हटो, रानीसाहिबा आयी!"

"मस्तीच होती ना मम्मी. सगळ्यांचेच स्टिकर बनवतात यार."

"हा कोणी बनवला?"

चार्जरची वायर बोटाला गुंडाळत तो म्हणाला, "मी. तू टाकलेल्या व्हिडिओवरूनच. पण आमच्या चौघांच्याच ग्रुपवर टाकलेला. पुढे कोणी पाठवला, मी काय करू?"

मी त्याच्यावर ओरडले, खूप ओरडले. आणि मधेच थांबले. मी तरी काय केलं होतं? तो व्हिडिओ मीही आपल्याच माणसांच्या ग्रुपवर टाकला होता. प्रांजलला विचारावं हे सुचलंही नाही. माझ्या डोळ्यांपुढे तो अजून वडापाव मागणारा, नऊ वर्षांचाच.

आज श्रेयस जेवताना हळूच म्हणाला, "त्याने मला ब्लॉक केलंय. सॉरी तरी कसं म्हणू?"

उद्या बुधवार. आईला काही कळू नये म्हणून तो पोरगा मुकाट्याने नळी घशात घालून घेईल. वनमालाला दोनदा मेसेज लिहिला आणि खोडला. हे मेसेजमध्ये लिहून पाठवण्यासारखं नाही. लुगडं धुऊन वाळत घातलंय, ते मी जपून ठेवीन, एवढं सांगणं सोपं आहे. बाकीचं अवघड आहे.

ती सहाला उठते. तिने चहा ठेवायच्या आत फोन लावायचा. आधी माझं सांगायचं, मग फोन श्रेयसच्या हातात द्यायचा. ती बोलेल ते दोघांनी ऐकून घ्यायचं. आणि मग तिला म्हणायचं, प्रांजलला उठव, आम्हाला त्याच्याशी बोलायचंय.