आईने लावलेली टेप

कुंदावहिनी गेल्याचा निरोप आला तेव्हा मी दिवाळे गावच्या कोळीवाड्यात मासळी घेत होतो. कोळणीने सुरी खाली ठेवली. "ती क्यामेरावाली वयनी? इचारल्याबिगर कदी फोटू घेतला नाय आमचा."

हे विचारणं वहिनी मोठी किंमत मोजून शिकली होती. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस दादाची तोक्योला बदली झाली. तिथे दुकानांतून, स्टेशनांवरून माणसांवर डोळा ठेवणारे कॅमेरे बघून ती अस्वस्थ व्हायची. मग ती शेजारणींच्या एका व्हिडिओ गटात जायला लागली. तिने पुढे मला दाखवलेल्या त्या बायकांच्या टेपा म्हणजे अजब प्रकार! एकीत तर एक आजी नुसती टीव्ही बघत बसलेली. "यात गोष्ट काय?" मी विचारलं. "टीव्हीपण तिच्याकडे बघतोय, हीच गोष्ट," वहिनी म्हणाली. मला काही झेपलं नाही.

वाशीला परतल्यावर दर रविवारी सिनेमाला अर्धी बिल्डिंग आमच्याकडे जमायची. एका रविवारी वहिनीने टीव्हीवर, विणलेल्या रुमालाखाली कॅमेरा लपवला आणि पुढच्या रविवारी सगळ्यांना त्यांचेच चेहरे दाखवले. आधी हसण्याचा नुसता गोंधळ. मग आई दिसली. वडील गेले तेव्हा चारचौघांत डोळ्यांतून टिपूस न काढलेली माझी आई, तोंडात पदर कोंबून रडत होती... आई उठून स्वयंपाकघरात गेली.

"मी माझ्या घरात बसले होते, कुंदा," एवढंच ती म्हणाली. त्यानंतर तिने टीव्हीसमोर बसणं सोडलं, वहिनीशी बोलणंही. वहिनी पार कोमेजली. टेप पुसते म्हणाली, पाया पडली, पण आई ढिम्म. शेवटी एका दुपारी आईच म्हणाली, "आता तू बस. मी बघते."

वहिनीने कॅमेरा स्वतःकडे वळवला. आई टीव्हीवर तिला बघत राहिली. वहिनी आधी हसली, केस सारखे केले, इकडेतिकडे बघितलं. मग करण्यासारखं काही उरलं नाही आणि तिचे डोळे भरून आले. तरी ती हलली नाही. बऱ्याच वेळाने टेपेत आईचा आवाज येतो, "पुरे आता. ऊठ, भात लागेल." त्या दोघींचं पुन्हा जमलं ते कायमचं. आपली बरी म्हणावी अशी ही एकच टेप, असं वहिनी म्हणायची.

ती गेल्यानंतर, परवा रविवारी दादाकडे गेलो, तर सिनेमा सोडून आईने तीच टेप लावायला सांगितली होती. पडद्यावर वहिनी हसली, केस सारखे केले... "पुरे आता. ऊठ," टेपेतली आई म्हणाली.

खुर्चीतली आई पुढे वाकली. "बस गं," ती म्हणाली, "बस अजून थोडी."