बापूंच्या फोटोला हार

परवा बुधवारी सकाळी आपलीच कॉमिक स्ट्रिप पेपरात बघून मला घाम फुटला. बावीस वर्षांत असं कधी झालं नव्हतं...

तुमच्यापैकी बरेच जण माझे 'बापू' रोज वाचता. ते पोट, ती कानामागची पेन्सिल आणि तो तिरसटपणा मी भिंगारच्या साळवे काकांवरून उचललाय. लष्कराच्या वर्कशॉपमधून रिटायर झालेले, आमचे जुने शेजारी. अख्ख्या गल्लीला हे माहीत आहे. काकांना तर आता सगळे बापूच म्हणतात.

मी आठवडाभराच्या स्ट्रिप शनिवारीच पाठवून देते. बुधवारची अशी होती... बापू स्वतःचा फोटो फ्रेम करून आणतात. बायको घरात उरलेला हार ठेवायला जागा नाही म्हणून फोटोलाच घालते. शेजारी बघतात आणि रडत आत येतात. शेवटच्या चौकटीत बापू चहाचा ट्रे घेऊन बाहेर येतात आणि विचारतात, "कोण गेलं हो?"

काढताना मी एकटीच खिदळत होते.

सोमवारी संध्याकाळी काकांना हार्ट अटॅक आला. नगरच्या एका हॉस्पिटलमध्ये रातोरात अँजिओप्लास्टी झाली. मला कळलं मंगळवारी संध्याकाळी... आणि दुसऱ्या क्षणी तो हार आठवला.

पेपरच्या ऑफिसला फोन केला. पुरवणी दुपारीच छापून झाली होती. आता काही करता येणार नाही म्हणाले. मी जेवले नाही. काकूंनी ते चित्र बघितलं तर त्यांना काय वाटेल, एवढंच डोक्यात फिरत होतं. आणि काकांचं काही बरंवाईट झालं असतं तर मी पुन्हा ब्रश हातात धरला नसता, हे अगदी खरं सांगते.

सकाळी केडगावहून स्कूटी काढली आणि माफी मागायची म्हणून गेले. वॉर्डच्या दारात काकू उभ्या. हातात आमचा पेपर, तेच पान वर.

"या की ताई. कालपास्नं ह्यांच्या तोंडातनं शब्द न्हाई. पेपर द्यावा का न्हाई, मलाच कळंना. पन रोजचा पेपर न्हाई दिला तर ह्यांना वाटायचं, आपलं काय खरं न्हाई. म्हनून दिला. आत्ताच बघून परत माझ्याकडं दिला."

मी घाबरतच आत गेले. काका उशीला टेकून बसले होते, चेहरा उतरलेला. मला बघून बारीक आवाजात म्हणाले, "ताई, मानसं माझ्यासाठी रडायला आली अन् चहा बी मीच करायचा व्हय?"

आणि हसले. शेजारच्या कॉटवरचे आजोबाही हसले. सिस्टर धावत आल्या, जास्त बोलू नका म्हणाल्या... आणि काकूंच्या हातातला पेपर घेऊन स्वतःच वाचत उभ्या राहिल्या.

मी माफी मागायला तोंड उघडलं, तर काकांनी हातानंच गप्प केलं. "पेपर आला की आदी तुमचं चित्र बघतो. आपलं काय चाललंय, ते कळतं."

खाली पार्किंगमध्ये येऊन मी पोटभर रडले. मग समोरच्या गाडीवर दोन प्लेट पोहे खाल्ले.

डॉक्टर म्हणालेत, तीन-चार दिवसांत घरी सोडतील. काका, खूप खूप जगा... मला दुसरं कुणी काढता येत नाही.