अमेरिकेला थांबवणारी लेक

आईच्या मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी धाकटी बहीण अमेरिकेहून कोल्हापूरला आली होती. तिकडं कायम राहायचं कार्ड तिला अजून मिळायचं होतं. ती इथं असतानाच, बोटांचे ठसे द्यायला या, असं पत्र तिच्या तिकडच्या घरी आलं. आमच्या घरी नुकत्याच बसवलेल्या फोनवर तिच्या नवऱ्यानं तिला ते वाचून दाखवलं. ‘तारीख बदलून घे,’ ती म्हणाली. त्यानं अर्ज धाडला, पुढची तारीख मिळाली. झालं एवढंच.

आईनं मात्र गल्लीभर केलं, “माझ्यासाठी अमेरिकेच्या सरकारला थांबवलं की पोरीनं!”

डोळ्यात दिवसातून चारदा थेंब मी घालत होते. शाळेतून बिनपगारी रजा मी काढली होती. आमच्या हेडमास्तरांना कुणी सरकार म्हणत नाही, त्याला मी तरी काय करू?

बहीण परत गेली. नोव्हेंबरात पेन्शनसाठी हयातीचा दाखला द्यायला आईला बँकेत नेलं. तिला सही येत नाही. दरवर्षी तिचा अंगठा मीच धरून कागदावर उठवते. काउंटरवरच्या नव्या साहेबांना तिनं अमेरिकेची गोष्ट पहिल्यापासून ऐकवली. त्यांनी कौतुकानं विचारलं, “आणि ह्या कोण?”

“ही व्हय? ही हितंच असती.”

मी अंगठा असा दाबला, की ठशाचा नुसता निळा डाग झाला. साहेबांनी दुसरा फॉर्म पुढं केला.

आई हात झटकत म्हणाली, “हळू की गं! एवढी गडबड कशाची? तुला कुठं जायाचंय?”