सर्व्हर डाऊन हाय

बोनकोड्यातल्या एका ऑनलाइन केंद्रात मी दाखल्यांसाठी नेहमी जातो. केंद्रवाल्याचं नाव विचारायचं राहूनच गेलं. सातबारा असो की मतदारयादी, एंटर ठोकून तो ऐटीत म्हणतो, "आपला सर्व्हर कदी डाऊन नसतो."

काल एकजण आला. "बायको घर सोडून गेलीय. मतदारयादीत तिचा नवा पत्ता बघ. यादी ऑनलाइन सगळ्यांसाठी खुली असते ना?"

पत्ता स्क्रीनवर आला, आतल्या बाजूने मलाही दिसला; नवऱ्याकडे स्क्रीनची पाठ होती. केंद्रवाल्याने झटकन विंडो बंद केली.

"सर्व्हर डाऊन हाय."

नवरा तणतणत बाहेर पडला. समोरच्या केंद्रवाल्याशी याचं बोलणंही नाही, तरी लगेच त्याला फोन लावला. "तुजा पन सर्व्हर डाऊन हाय. समजलं?"

मी काचेतून पाहिलं. नवरा समोर गेलाच नव्हता. रस्त्यातच थांबून तो स्वतःचा मोबाईल काढत होता.