न चाखलेलं सूप

"रोज कोंबडी शिजवून राहिलो, पण तिची चव कशी असती ते मला म्हाईत न्हाई," असं मल्लेश एकदा म्हणाला होता.

उदगीरच्या मोंढ्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर त्याची चायनीजची गाडी होती. लाल रंग, वर पिवळ्या अक्षरांत नाव, खाली ब्लोअरची भट्टी. भट्टी पेटली की समोरच्या माणसाला बोललेलं ऐकू यायचं नाही. जाळ कढईच्या काठावरून आत यायचा आणि मल्लेशच्या हातावरचे केस जळायचे. कोपरापर्यंत त्याचे हात सोललेल्या फांदीसारखे दिसत.

मल्लेश लिंगायत. जन्मल्यावर थोड्याच दिवसांत गळ्यात इष्टलिंग बांधलेलं, चांदीच्या छोट्या डबीत, दोऱ्यात ओवून. ते अंगावरून उतरवायचं नसतं. अंघोळीत नाही, झोपेत नाही. रोज सकाळी डाव्या तळहातावर ठेवून त्याची पूजा करायची, आणि माणूस मेला की त्याला बसवून पुरतात तेव्हाही ते त्याच तळहातावर ठेवायचं. मांसाचा तर घरात शब्दही निघत नाही. अशा घरातला हा माणूस. कोंबडीला हात लावण्याआधी तो डबी छातीवरून सरकवून पाठीवर टाकायचा. कुणी विचारलंच तर म्हणायचा, "त्याला कशाला दाखवायचं?"

कोंबडी तो स्वतः उभं राहून कापून घ्यायचा. दुकानदार मानेवरून सुरी फिरवून तिला निळ्या पिंपात टाकायचा आणि वर झाकण दाबायचा. आत धडका बसत. पिंप हलायचं, मग कमी हलायचं, मग थांबायचं. मल्लेश तोवर तिथून हलत नसे. ते ऐकलंच पाहिजे, असं त्यानं स्वतःला लावून घेतलं होतं.

गाडीवर सगळ्यात जास्त खपायचं ते नूडल सूप. सकाळीच हाडं आणि माना मोठ्या पातेल्यात मंद आचेवर ठेवायचा. त्यात ठेचलेलं आलं, लसूण, कांद्याच्या पातीचे पांढरे बुडखे. वर येणारा करडा फेस झाऱ्यानं काढून फेकायचा. संध्याकाळी ते पाणी गाळून कढईत, त्यात छातीच्या मांसाचे पातळ तुकडे, गाजर, कोबी, फरसबी, थोडा सोया सॉस, पांढरी मिरपूड. नूडल्स वेगळ्या उकडून शेवटी. ताप आलेली, हगवणीनं गळालेली, घरात भांडून आलेली माणसं ते सूप वाटीला तोंड लावून प्यायची आणि त्यांचे खांदे खाली यायचे.

मीठ मात्र त्याला कळायचं नाही. शेजारी सरजाबाईची आम्लेटची गाडी होती. पहिला चमचा तिचा.

"ये लिंगायता, आज समिंदर वतलास की रं ह्येच्यात!"

"लई झालं का?"

"पानी घाल. बायको न्हाई तर कुनाच्या आठवनीत हात पडला मिठात?"

"तुझ्या."

"मेल्या, नवरा हाय माजा जित्ता," असं म्हणून ती दुसरा चमचाही मारायची.

मल्लेशचे वडील मलप्पा मोंढ्यात धान्याची आडत चालवायचे. मारणं हा त्यांच्या घरातला रोजचा व्यवहार होता. मलप्पा थोरल्या बसवंतला पोत्याच्या दोरीनं मारायचे आणि बसवंत तेच सगळं धाकट्या मल्लेशला द्यायचा. दुकानात पोती ओढायचा लोखंडी आकडा असायचा. लाकडी मूठ, पुढं वाकलेलं टोक. मल्लेशनं आडतीवर बसायला नकार दिला त्या दिवशी बसवंतनं तो आकडा त्याच्या मांडीत घातला आणि पोतं ओढावं तसं त्याला उंबऱ्यापर्यंत ओढलं. आई गुरम्मा मधे पडली, तिलाही ढकललं. त्याच आठवड्यात मल्लेश हैदराबादला पळाला. तिथल्या हॉटेलात नेपाळी उस्ताद चुकलं की तापलेला डाव पाठीवर टेकवायचा. मल्लेशला त्याचं विशेष वाटलं नाही. निदान तिथं चूक काय ते सांगून मारत होते.

मलप्पा वारले तेव्हा तो परत आला आणि गाडी टाकली. बसवंत त्याच्याशी बोलत नसे. आपल्या गल्लीतून जाताना मल्लेशनं पलीकडच्या बाजूनं जावं, एवढं मात्र त्यानं निरोप पाठवून कळवलं होतं. बसवंत दुकानात असताना, दुपारी, मल्लेश आईला भेटून यायचा. वहिनी अंबिका दार उघडायची आणि आत निघून जायची.

ह्या वर्षी गुरम्माला टायफॉईड झाला. ताप गेला, पण तोंडाची चव गेली ती आलीच नाही. भात ओकायची, भाकरीकडे बघायचीही नाही. डोळे आत गेले. दवाखान्यातून घरी आणली तेव्हा सलाईनच्या सुयांनी हात काळेनिळे झाले होते. मल्लेशनं दोनदा नुसत्या भाज्यांचं सूप करून आणलं. तिनं दोन घोट घेतले आणि डबा बाजूला सारला.

तिसऱ्यांदा तो आला तेव्हा अंबिका मागच्या अंगणात कपडे धूत होती. गुरम्मानं त्याला जवळ बोलावलं.

"तम्मा, हे कडत पानी नगं आनू. लोकं पितात ते आन."

"अव्वा, ते कोंबडीचं हाय."

"मी म्हातारी हाय, येडी न्हाई. म्हाईत हाय मला."

"अण्णाला कळलं तर?"

"कळंल कसं? तू सांगनार हायस का मी?" तिला धाप लागली. मग ती म्हणाली, "मला मरायचं न्हाई रं अजून."

मल्लेशनं डबा उचलला आणि मान हलवली. चूक तिथंच सुरू झाली असं सरजाबाई पुढं म्हणायची. पण चूक दुसऱ्या जागी होती, आणि त्यात सरजाबाईचाही हात होता.

तिनं सांगितलं, "दुखनाईताला तंगडीचं दे. छातीत काय जीव असतोय?" मल्लेश गाडीवर कायम छातीचं मांस वापरत आलेला, हाड नसलेलं. त्यानं पहिल्यांदा तंगड्या घेतल्या. पिंपातल्या धडका ऐकल्या. डबी पाठीवर टाकली. नवं पातेलं आणलं, नवा डाव आणला, जणू नव्या भांड्यानं काही धुऊन निघणार होतं. पाणी मंद आचेवर ठेवलं, मांस शिजून हाडापासून सुटलं तसं बोटांनी बारीक केलं. गाजर किसून घातलं, कोबीच्या शिरा काढल्या, नूडल्स चमच्यात मावतील एवढ्या तोडल्या. जाड हाड त्यानं काढून टाकलं. तंगडीच्या जाड हाडाला लागून सुईसारखं दुसरं एक हाड असतं, आणि मांस मऊ झालं की ते मांसातच लपून राहतं, हे त्याला माहीत नव्हतं. कोंबडी खाणाऱ्या घरातलं शेंबडं पोरसुद्धा ते जिभेनं शोधून बाहेर काढतं. मल्लेशच्या जिभेला ते हाड कधी लागलंच नव्हतं. सरजाबाईनं चाखलं ते वरचं पाणी.

"झ्याक," ती म्हणाली. "आज मीठ बराबर पडलंय."

गुरम्मानं स्टीलचा डबा दोन्ही हातांनी धरला. पिण्याआधी थांबली. पदराआड हात घालून तिनं आपल्या गळ्यातली डबी सरकवली आणि पाठीवर टाकली. मल्लेशनं ते पाहिलं. त्याचं हे करणं तिला कुणी सांगितलं होतं कोण जाणे. मग ती प्याली. हावरटासारखी, नाकातून पाणी येईस्तोवर. शेवटी चमच्यानं बूड खरवडलं आणि म्हणाली, "साकु. पोट भरलं."

त्या दिवसापासून ती उठून बसायला लागली. पुढच्या सोमवारी तिनं अंबिकाकडं स्वतःहून भात मागितला. मल्लेश रोज दुपारी डबा आणायचा आणि रिकामा डबा घेऊन जायचा. एके दिवशी डबा राहिला. अंबिकानं तो घासायला घेतला, तर तळाला चिकटलेलं काहीतरी तिच्या बोटात घुसलं. बारीक, पांढरं, टोकदार. तिनं किंचाळून डबा भिंतीवर फेकला.

दिवे लागायच्या वेळेला बसवंत गाडीवर आला. हातात आकडा होता. भट्टीचा आवाज चालू होता, त्यामुळे तो काय ओरडत होता ते गिऱ्हाइकांना आधी कळलं नाही. त्यानं पहिल्यांदा पातेल्यात आकडा अडकवून ते ओढलं. उकळतं पाणी, हाडं, आलं सगळं रस्त्यावर आलं. एका माणसाची पोटरी भाजली, तो नाचत पळाला. मग काचेच्या पेटीतले कोबी, गाजर, नूडल्सचे ढीग. बसवंत वार करत सुटला होता, एखाद्या जनावराला मारावं तसं गाडीला मारत होता.

"अव्वाच्या तोंडात हाडं घातलीस! जिनं जनम दिला तिच्या तोंडात!"

"अण्णा, भट्टी चालू हाय, बाजूला व्हय..."

"अण्णा म्हनू नगंस!"

मल्लेशनं गॅस बंद करायला हात पुढं केला. डावा हात. बसवंतचा आकडा वरून आला आणि तळहातातून आरपार जाऊन गाडीच्या लाकडी फळीत रुतला. क्षणभर दोघंही त्या हाताकडं बघत राहिले. लिंग ठेवायचा तळहात फळीला ठोकलेला. बसवंतच्या तोंडावर भीती आली, आणि त्या भीतीचाच त्याला राग आला. त्यानं मल्लेशच्या तोंडावर ठोसा मारला. पुन्हा मारला. नाकाचं हाड मोडल्याचा आवाज सरजाबाईला भट्टीच्या आवाजातही ऐकू आला. ती अंड्यांचा ट्रे घेऊन धावली आणि सगळा ट्रे बसवंतच्या डोक्यावर फोडला.

"मार अजून! मार की रं, बाईला मार! भाऊ हाय का कसाई?"

बलकानं माखलेला बसवंत मागं सरला. रस्त्यावर कुणी हसलं नाही. सरजाबाईनं दोन्ही हातांनी आकडा उपसला, मल्लेशच्या हाताला आपला पदर गुंडाळला. मल्लेश एवढंच म्हणाला, "हाड राह्यलं व्हतं का आत?"

"राह्यलं व्हतं."

"मला लागलंच न्हाई बोटाला."

दोन दिवसांनी बसवंतच्या घरी भाऊकी बसली. सगळ्यांत वडील गुंडप्पाकाका, मलप्पांचे चुलतभाऊ. ते ओरडणारे नव्हते. भिंतीला टेकून गुरम्मा बसली होती, अंगावर शाल. दुखणं सरून चेहऱ्यावर जरा तेज आलं होतं, आणि तेच आता तिच्यावर उलटलं होतं. अंबिका दाराआड. मल्लेश समोर, हाताला पट्टी, सुजलेलं नाक, डोळ्यांखाली निळं.

"गुरम्माला आपन बसवून पुरनार," गुंडप्पाकाका म्हणाले. "मलप्पाच्या शेजारी, आपल्या जागेत. पन जानूनबुजून असलं खाल्लं असंल तर तिथं जागा न्हाई. मी न्हाई म्हनत, समदी म्हनतील. फसवून दिलं असंल तर पाप देनाऱ्याचं. इभूत लावून तिची शुद्धी करता येती."

"फसवलंच की ह्यानं!" बसवंत म्हणाला. "दुसरं काय?"

"तू गप बस. आकडा घालून इचारायची रीत न्हाई आपली." काकांनी मल्लेशकडं पाहिलं. "इष्टलिंग हातावर घे आन् सांग. तुझ्या आईला म्हाईत व्हतं का न्हाई?"

गुरम्माचा हात शालीखाली हलला. तिनं डबी छातीवर आणून घट्ट धरली. तिला मेल्यावर नवऱ्याशेजारी बसायचं होतं. लग्न करून आल्यापासून ती जागा तिला माहीत होती, पावसाळ्यात तिथलं गवत ती स्वतः उपटून यायची. तिनं मल्लेशकडं पाहिलं. ओठ उघडले.

"मला..." ती म्हणाली.

"थांब, अव्वा," बसवंत म्हणाला. "त्याला सांगू दे."

मल्लेशनं उजव्या हातानं डबी पाठीवरून पुढं आणली. डबीला भट्टीच्या धुराचा काळा थर होता. तिच्यातलं लिंग काढून पट्टी बांधलेल्या तळहातावर ठेवायचं होतं आणि बोलायचं होतं. ते हातावर ठेवून खोटं बोलता येत नव्हतं, आणि खरं बोललं की भिंतीला टेकलेल्या बाईची जागा जात होती. पट्टीतून रक्ताचा ओला ठिपका वर येत होता. तो मोठा होताना सगळे बघत होते.

"बोल की," गुंडप्पाकाका म्हणाले.

मल्लेशनं दोरा डोक्यावरून काढला. बसलेल्यांपैकी कुणीतरी "ए, ए" म्हणालं, उठलं, खाली बसलं. अंगावरून लिंग उतरवलेला माणूस त्यांनी डोळ्यांसमोर पाहिला नव्हता. आता त्याच्याकडून शपथ घेता येत नव्हती, आणि त्याला आणखी काही विचारायचंही राहिलं नव्हतं. बसवंतनं मोठ्यानं श्वास सोडला. "बघा," तो म्हणाला, "बघा, कबूल केलं त्यानं."

गुंडप्पाकाकांनी गुरम्माकडं एकदा पाहिलं. नीट पाहिलं. मग मान फिरवून अंबिकाला म्हणाले, "इभूत आन आतनं."

गुरम्माचे ओठ अजून उघडे होते. तिनं ते मिटले.

मल्लेशनं डबी आईच्या पुढ्यात, शालीच्या काठावर ठेवली. वाकताना नाकातून रक्ताचा एक थेंब फरशीवर पडला. त्यानं तो पायाच्या अंगठ्यानं पुसला. मग उंबरा ओलांडून, चपला हातात घेऊन तो बाहेर पडला.